कुलपाची फाईल कुठून आणली?

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

मागच्या आठवड्यात तुमच्या पेपरात ऑनलाईन फसवणुकीवर अर्धं पान आलं होतं, ओटीपी कुणाला सांगू नका, अनोळखी लिंकवर क्लिक करू नका, पासवर्ड मोठा ठेवा वगैरे. चांगलंच आहे, माझ्या आईनं वाचलं आणि लगेच मला फोन करून बजावलं की तू पण सांगू नकोस कुणाला. पण साहेब, दर वेळी घरमालकालाच सांगायचं की कडी नीट लाव, दार नीट ओढ, आणि ते कुलूप कुणी बनवलंय, कुठल्या दुकानातून आणलंय, त्याची दुसरी किल्ली कुणाकडे आहे हे कुणी विचारायचंच नाही, याला आमच्याकडे आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी म्हणतात. म्हणून लिहायला बसलोय, पत्र लांबणार आहे हे आधीच सांगून टाकतो.

माझं बार्शीत कॉम्प्युटर रिपेरिंगचं दुकान आहे, वीस वर्षं होऊन गेली. पूर्वी फॉरमॅट मारणे, प्रिंटरमधला कागद काढणे ही कामं असायची, आता निम्मे फोन एकाच गोष्टीचे येतात, "डीएससी घेत नाहीये". ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, डीएससी म्हणजे डिजिटल सही. पेनड्राईव्हसारखं दिसणारं एक टोकन असतं, त्याच्या आत चिप असते, चिपमध्ये तुमची गुप्त किल्ली असते आणि ती किल्ली कधी त्या चिपच्या बाहेर येत नाही. कंपनीचं जीएसटी रिटर्न, ई-टेंडर, पीएफ, ग्रामपंचायतीचं पेमेंट, तलाठ्याची फेरफार नोंद, सगळीकडे हीच सही लागते. २००० सालच्या आयटी कायद्यानं तिला हाताच्या सहीसारखीच मान्यता दिलीय आणि त्याच कायद्याच्या कलम ४२ प्रमाणे किल्ली सांभाळायची जबाबदारी ज्याची सही त्याच्यावर आहे. प्रत्यक्षात काय असतं तर टोकन अकाउंटंटच्या ड्रॉवरमध्ये, आणि पिन एका चिठ्ठीवर लिहून ती चिठ्ठी रबरबँडनं त्याच टोकनला बांधलेली. एका ड्रॉवरमध्ये मी अशी अकरा टोकनं मोजलीत. पण तो विषय आज नाही.

आजचा विषय असा की ती चिप आणि तुमचा ब्राऊझर यांना एकमेकांची भाषा कळत नाही. मध्ये दुभाष्या लागतो, आणि तो दुभाष्या म्हणजे एक फाईल, विंडोजमध्ये तिला डीएलएल म्हणतात. सही करायची वेळ आली की पोर्टलचं छोटं सॉफ्टवेअर त्या डीएलएलला हाक मारतं, डीएलएल टोकनला सांगते की एवढ्यावर सही करून दे, आणि तुम्ही टाइप केलेला पिन पण तिच्याच हातातून आत जातो. म्हणजे किल्ली कितीही पोलादी पेटीत असू द्या, दुभाष्या खोटा निघाला तर तो पिनही ऐकणार, आणि टोकन लावलेलं असेपर्यंत तुमच्या नावानं भलत्याच कागदावर सही पण करून घेणार, तुम्हाला स्क्रीनवर काही दिसणार नाही.

आता झालं काय ते सांगतो. मार्च एंडचे दिवस, रात्री साडेनऊला एका कंत्राटदाराच्या ऑफिसातून फोन, दुसऱ्या दिवशी तीन वाजता टेंडर बंद होणार, आणि पीसी नवीन घेतलेला त्यामुळे टोकन दिसत नाही, अमुक तमुक डीएलएल मिसिंग असा एरर येतोय. म्हटलं सकाळी येतो, तोपर्यंत हात लावू नका. पण धीर कुठला! अकाउंटंट हुशार पोरगा, त्यानं एररमधलं नाव जसंच्या तसं गुगलला टाकलं, पहिलीच साईट आली फुकट डीएलएल देणारी, हिरवं मोठं बटण, घेतली उतरवून आणि टाकली सिस्टीम ३२ मध्ये. नाही चाललं. मग टाकली सिसवॉव ६४ मध्ये. (सिस्टीम ३२ नावाच्या फोल्डरात ६४ बिटच्या फाईली आणि सिसवॉव ६४ नावाच्या फोल्डरात ३२ बिटच्या, हे नामकरण ज्या बारशात झालं तिथली आत्या कोण होती देव जाणे.) मध्येच अँटिव्हायरस ओरडायला लागला तर तो बंद केला, कारण पोर्टलच्या मदतीच्या पीडीएफमध्येच लिहिलं होतं की सही होत नसेल तर अँटिव्हायरस काही वेळ बंद ठेवा. पोर्टलचं नाव लिहीत नाही, पण एकाच पोर्टलवर असं लिहिलंय असंही समजू नका.

सकाळी मी गेलो तर गडी खूश, रात्री एक वाजता टोकन दिसायला लागलं म्हणाला, पिन पण टाकून बघितला. मी ती फाईल राईट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडल्या. टोकन बनवणाऱ्या कंपनीच्या खऱ्या फाईलला तिथं डिजिटल सिग्नेचर्स नावाचा एक टॅब असतो, त्यात कंपनीचं नाव येतं. या फाईलला तो टॅबच नाही, आणि साईजमध्ये जमीन-अस्मानाचा फरक. म्हणजे जगात ज्या एका फाईलवर सगळ्यात आधी सही पाहिजे त्या सहीच्या फाईलवरच सही नाही! आत काय होतं ते मी उकरत बसलो नाही, तेवढा वेळ नव्हता. इंटरनेटची वायर काढली, पीसी परत फॉरमॅट केला, त्या टोकनवरच्या सहीचं जुनं सर्टिफिकेट रद्द करायला लावलं, नवीनचा अर्ज केला, त्याच्या व्हिडिओ पडताळणीत दुपार गेली आणि टेंडर गेलं. मालक माझ्यावर चिडले, पोरावर नाही. त्यांच्या मते चालू झालेलं टोकन मी बंद पाडलं. बिल अजून यायचंय.

मी त्या पोराला दोष देत नाही. डीएलएल म्हणजे काय हे त्याला कुणी सांगितलेलंच नाही. म्हणून थोडं सांगतो, आणि आमच्या भागातल्या माणसाला कळेल असं सांगतो. पूर्वी घरोघरी जातं होतं, नंतर गावात पिठाची गिरणी आली आणि जाती गेली माळ्यावर. सॉफ्टवेअरचं तेच झालं. पासवर्ड तपासणे, मजकूर कुलूपबंद करणे, समोरचा खरा की तोतया हे ओळखणे ही कामं प्रत्येक प्रोग्रामनं स्वतः करायची नाहीत, त्यासाठी कॉम्प्युटरमध्ये एक सामायिक फाईल ठेवायची आणि सगळ्यांनी तिच्याकडेच दळण न्यायचं. विंडोजमध्ये ती डीएलएल, लिनक्समध्ये (म्हणजे विंडोजच्या जागी चालणारी फुकटची ऑपरेटिंग सिस्टीम) डॉट एसओ. फायदा मोठा आहे, कारण गणित अवघड असतं आणि प्रत्येकानं घरी केलं तर शंभरात नव्याण्णव जण चुकणार, शिवाय गिरणीचा दगड एकदा नीट केला की अख्ख्या गावाचं पीठ सुधारतं. पण दगडातून कच यायला लागली तर तीही अख्ख्या गावाच्या भाकरीत. आणि गिरणी झाली तरी दगडाला अधूनमधून टाकी लावावीच लागते. ती टाकी लावणारा कोण, त्याला मजुरी कोण देतं, हे दळण आणणाऱ्यांपैकी कुणालाच ठाऊक नसतं.

२०१४ च्या ७ एप्रिलला हार्टब्लीड नावाचं भोक उघड झालं, तेव्हा पेपरात एक-दोन दिवस बातमी होती, आठवत असेल. ओपनएसएसएल नावाची गिरणी. ब्राऊझरमध्ये जे कुलपाचं चित्र दिसायचं ते जगातल्या निम्म्याहून जास्त ठिकाणी हिच्या जिवावर. त्यात "जागा आहेस का" असं विचारायची एक सोय होती, विचारणाऱ्यानं एक शब्द पाठवायचा, त्याची लांबी सांगायची, आणि सर्व्हरनं तोच शब्द परत म्हणायचा. शब्द पाठवला चार अक्षरांचा आणि लांबी सांगितली चौसष्ट हजार, तर सर्व्हर मोजून बघायचाच नाही, स्वतःच्या मेमरीतलं शेजारी जे काही पडलंय ते सगळं भरभरून द्यायचा, त्यात लोकांचे पासवर्ड, कधी सर्व्हरची स्वतःची गुप्त किल्लीसुद्धा. एका वेळी ६४ केबी, आणि कितीही वेळा मागा. हा कोड आत गेला तो २०११ च्या ३१ डिसेंबरच्या रात्री, थर्टी फर्स्टला! दोन वर्षं कुणाच्या लक्षात आलं नाही. कॅनडाच्या कर खात्यातून नऊशे लोकांचे सामाजिक विमा नंबर चोरीला गेले. आणि मग कळलं की अर्धं जग जिच्यावर दळतंय त्या ओपनएसएसएलला वर्षाला देणग्या यायच्या साधारण दोन हजार डॉलर, पूर्ण वेळ काम करणारा माणूस एक. आमच्या गल्लीतल्या गणेश मंडळाची वर्गणी याहून जास्त जमते हो. नंतर मोठ्या कंपन्यांना जाग आली, लिनक्स फाउंडेशननं निधी उभा केला, ते झालं. पण अशा मोजक्याच गिरण्यांपुरतं झालं.

त्याच्या आधीची एक गोष्ट मला जास्त आवडते, आवडते म्हणजे अंगावर काटा येतो. डेबियन नावाचं लिनक्स आहे. २००६ मध्ये तिथल्या एकानं ओपनएसएसएलमधल्या दोन ओळी काढून टाकल्या, कारण कोड तपासायचं टूल त्या ओळींवर कुरकुर करत होतं. वाईट हेतू काही नाही, कुरकुर बंद करायची होती बस. पण किल्ली तयार करताना जो गोंधळ आत ओतावा लागतो तो त्या ओळींतून यायचा. तो बंद झाल्यावर किल्ल्यांचे प्रकार उरले ३२,७६७. अब्ज-परार्ध नाही, बत्तीस हजार! चोरानं सगळ्या किल्ल्यांचा जुडगा एका संध्याकाळी तयार करून ठेवावा इतके कमी. मे २००८ मध्ये हे बाहेर आलं, म्हणजे पावणेदोन वर्षं जगभर लोक हौसेनं नवीन किल्ल्या पाडत होते आणि सगळ्या त्याच जुडग्यातल्या. आपल्या सीडॅक या सरकारी संस्थेचं बॉस लिनक्स याच डेबियनवर बेतलेलंय, म्हणजे तिकडं काय होतं याच्याशी आपल्याला काय करायचंय असं म्हणायची सोय नाही.

पण मला खरं सांगायचंय ते २०२४ चं. त्यावर मराठी पेपरात दोन कॉलम तरी यायला पाहिजे होते, माझ्या वाचनात तरी आले नाहीत.

फिनलंडमध्ये लासे कॉलिन नावाचे एक गृहस्थ आहेत. त्यांनी एक्सझेड नावाचं, फाईली दाबून लहान करायचं साधन बनवलं आणि वर्षानुवर्षं एकट्यानं सांभाळलं. त्यातली लिबएलझेडएमए नावाची सामायिक फाईल जगातल्या बहुतेक सगळ्या लिनक्समध्ये असते. पगार नाही, फावल्या वेळचं काम. २०२१ च्या शेवटी जिया टॅन नावानं कुणीतरी छोट्या छोट्या दुरुस्त्या पाठवायला लागलं, चांगल्या दुरुस्त्या. २०२२ मध्ये अचानक दोन-तीन नवीन नावं उगवली, त्यातलं एक जिगर कुमार, म्हणजे आपल्याकडचंच कुणी वाटावं असं, आणि ही मंडळी कॉलिनला टोचायला लागली, किती उशीर लावता, तुम्हाला इंटरेस्ट राहिला नाही, दुसऱ्याच्या हातात द्या. त्यांनी उत्तर दिलं की मानसिक त्रासातून जातोय बरेच दिवस, आणि हे बिनपगारी हौसेचं काम आहे हे पण लक्षात ठेवा. त्या उत्तरावरही समोरून तोंडदेखली सहानुभूती आणि वर अजून टोमणा. उंटावरून शेळ्या हाकणारे आपल्याकडे पण कमी नाहीत, पण हे ठरवून केलेलं होतं असं आता तपास करणाऱ्या बहुतेकांचं मत आहे. हळूहळू जिया टॅनकडे चाव्या आल्या. थकलेल्या माणसाला वाटलं असेल, बरं झालं देवासारखा धावून आला.

मग फेब्रुवारी २०२४ मध्ये या देवमाणसानं ५.६.० ही आवृत्ती काढली आणि मार्चमध्ये ५.६.१. आत मागचं दार होतं. आणि ते लपवलं कुठं, तर तपासणीसाठी ठेवलेल्या नमुना फाईलींत. दाबलेल्या फाईली उघडणारं साधन आहे म्हटल्यावर ते तपासायला काही फाईली मुद्दाम बिघडवून ठेवलेल्याच असतात, त्यात कचरा दिसला तर कुणी वळूनही बघत नाही, कचरा असणारच म्हणतात. दुसरी चलाखी अशी की तो कचरा उलगडून आत बसवणारी ओळ सगळ्यांना दिसणाऱ्या कोडमध्ये नव्हतीच, ती फक्त वाटायच्या गठ्ठ्यात होती. ग्रामसभेत हिशोब एक वाचायचा आणि सह्यांना जो छापील कागद फिरवायचा तो वेगळा, तसं. कोड उघड असतो म्हणून सुरक्षित, असं आम्ही लोकांना सांगत आलो, पण उघड ठेवलेला आणि वाटलेला एकच आहे का हे मी स्वतः तरी कधी ताडून बघितलं नव्हतं, खोटं कशाला बोलू.

तुम्ही म्हणाल फाईल दाबण्याचा आणि कुलपाचा काय संबंध. तेच तर. लिनक्स सर्व्हरवर लांबून लॉगिन व्हायचं दार म्हणजे एसएसएच. त्या दाराला लिबएलझेडएमए लागतच नाही. पण डेबियन, फेडोरा अशा काहींनी सोयीसाठी त्याला सिस्टमडीची (लिनक्स चालू होताना बाकीच्या सेवा सुरू करणारा प्रोग्राम) एक लायब्ररी, म्हणजे अशीच सामायिक फाईल, जोडलेली, आणि त्या लायब्ररीला लागते लिबएलझेडएमए. लग्नाला आमंत्रण एकाला, त्याच्याबरोबर त्याचा मेव्हणा, मेव्हण्याबरोबर त्याचा दोस्त, आणि दोस्ताच्या खिशात चाकू. आत शिरल्यावर या फाईलनं लॉगिनची किल्ली तपासणारं जे काम ओपनएसएसएलचं, ते मधल्या मधे स्वतःकडे वळवून घेतलं. बाकी सगळ्यांसाठी नेहमीसारखंच, फक्त ज्याच्याकडे ती एक खास किल्ली त्याला पासवर्ड न विचारता थेट आत. म्हणजे दुसऱ्या चोरालाही ते दार वापरता येणार नाही, इतकी काळजी.

हे सापडलं कसं? कुठल्या सरकारनं, कुठल्या महागड्या अँटिव्हायरसनं नाही. आंद्रेस फ्रॉइंड नावाचा मायक्रोसॉफ्टमधला इंजिनिअर, पोस्टग्रेस या डेटाबेसचं काम करतो. तो आपल्या मशीनवर वेग मोजत बसला होता आणि त्याला दिसलं की एसएसएचचं लॉगिन नेहमीपेक्षा जरा हळू होतंय आणि प्रोसेसर उगाच तापतोय. जरा म्हणजे किती, अर्धा सेकंद! आपल्याकडं अर्धा सेकंद कुणाला कळतो हो, रेल्वेच्या साईटवर अर्धा तास फिरतं तरी आपण चहा पिऊन येतो. पण त्याला खटकलं, तो सोडून द्यायला तयार झाला नाही, उकरत उकरत थेट लिबएलझेडएमएपर्यंत गेला आणि २९ मार्च २०२४ ला त्यानं सगळ्यांसमोर मांडलं. गंभीरपणाला दहापैकी दहा मार्क मिळाले. नशीब एवढंच की तोवर ती आवृत्ती डेबियनच्या चाचणी शाखा, फेडोराची येऊ घातलेली आवृत्ती, ओपनसुसेचं टम्बलवीड, काली अशा पुढं धावणाऱ्या लिनक्समध्येच पोचली होती, बँका-बिंकांच्या नेहमीच्या सर्व्हरवर नाही. अजून काही महिने गेले असते तर तिथंही गेली असती. जिया टॅन कोण, एक माणूस की टोळी की कुठलं सरकार, हे आजपर्यंत उघड झालेलं नाही.

आता माझ्या अकाउंटंट पोराची गोष्ट आणि ही गोष्ट शेजारी ठेवून बघा. त्यानं हिरव्या बटणावरून फाईल घेतली म्हणून आपण त्याला येडा म्हणतो, आणि तिकडं जगातल्या हुशार लोकांनी पण गठ्ठा आला म्हणून घेतलाच की. फरक एवढाच की तिथं एकानं तरी विचारलं हा उशीर कशामुळं होतोय.

आणि हे फक्त फुकटच्या सॉफ्टवेअरचं दुखणं आहे असं विंडोजवाल्यांनी समजू नये. क्रिप्ट ३२ नावाची डीएलएल तुमच्या प्रत्येक विंडोजमध्ये आहे, सर्टिफिकेट खरं की खोटं हे तीच ठरवते. १४ जानेवारी २०२० ला मायक्रोसॉफ्टनं तिच्यातली चूक दुरुस्त केली, विंडोज १० मध्ये एका प्रकारचं बनावट सर्टिफिकेट तिला खरं वाटत होतं, म्हणजे खोट्या सॉफ्टवेअरवर नामांकित कंपनीचा शिक्का मारला तरी ती मान डोलावणार. अमेरिकेच्या एनएसए या गुप्तचर संस्थेनं स्वतः येऊन सांगितलं, जी एरवी असल्या गोष्टी दाबून ठेवण्यासाठी प्रसिद्ध. गंमत अशी की त्याच दिवशी विंडोज ७ चा सपोर्ट संपला, आणि ही चूक विंडोज ७ मध्ये नव्हतीच! आमचे एक गिऱ्हाईक अजून विंडोज ७ वर आहेत, हे सांगितल्यापासून मला म्हणतात, बघ, जुनं ते सोनं. हात जोडले. त्या एका चुकीतून ते वाचले, त्यानंतरच्या ढीगभर चुकांची दुरुस्ती त्यांना मिळालीच नाही, ते कसं समजावू.

तर मागणं काय आहे ते लिहितो, नाहीतर नुसतंच गाऱ्हाणं होईल.

ज्या सरकारी आणि निमसरकारी पोर्टलवर डीएससी लागते त्यांनी मदतीच्या पानावरची "अँटिव्हायरस बंद करा" ही ओळ आधी काढावी. तुमच्या सॉफ्टवेअरला अँटिव्हायरस अडवत असेल तर त्यावर नीट सही करून घ्या, ती तुमची जबाबदारी, आमच्या अकाउंटंटची नाही. दुसरं, टोकनचा ड्रायव्हर कुठून घ्यायचा याची थेट कंपनीची लिंक द्या आणि फाईलचा हॅश, म्हणजे तिच्या अंगठ्याचा ठसा म्हणा, तो शेजारी छापा. विंडोजमध्ये सर्टयुटील नावाची कमांड असते, तिनं तो ठसा जुळवून बघायला अर्धं मिनिट लागतं, मी दुकानात येणाऱ्या पोरांना शिकवतो, शिकतात. आता काय होतं, ड्रायव्हर व्हॉट्सअपवर फिरतो, कुणाच्या तरी गुगल ड्राईव्हवरची झिप फाईल, "सर हीच चालते" म्हणून. माझ्याकडंच अशा चार आल्यात, चारही ठसे वेगवेगळे.

सर्टइन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेनं ऑक्टोबर २०२४ मध्ये मार्गदर्शक सूचना काढल्यात की सॉफ्टवेअर विकत घेताना त्याच्या आत कुठली लायब्ररी, कुठल्या आवृत्तीची, याची यादी मागा. फरसाणच्या पाकिटावर पामतेल आहे की शेंगतेल हे छापलेलं असतं, तसंच हे. आमच्याकडच्या दोन सोसायट्यांच्या चेअरमनना मी ते सांगितलं, एकांनी विचारलं यादी घेऊन आम्ही काय करणार, आम्हाला काय कळतंय. प्रश्न बरोबर आहे. पण उद्या परत असं काही निघालं तर आपल्याकडे ती फाईल आहे का हे पाच मिनिटात बघता येईल, आज त्यासाठी सॉफ्टवेअरवाल्याला फोन लावावा लागतो आणि तो म्हणतो बघून सांगतो, आणि एक्सझेडच्या वेळचा एकाचा फोन अजून यायचाय. दुसऱ्या चेअरमनांनी यादी मागवली. आली. त्यात ओपनएसएसएलची १.१.१ आहे, जिची फुकट दुरुस्ती सप्टेंबर २०२३ लाच थांबलीय. विक्रेता म्हणतो, चालतंय की. चालतंय, नाही कोण म्हणतंय.

अजून एक, जमलं तर. सोलापूर-पुण्याकडं इतकी इंजिनिअरिंग कॉलेजं आहेत, दर वर्षी हजारो पोरं शेवटच्या वर्षाचा प्रोजेक्ट म्हणून तीच ती हजेरीची ॲप बनवतात (निम्मी विकत घेतात, मला माहितीय कारण प्रिंटआऊट आणि बायंडिंगला माझ्या शेजारच्याकडेच येतात). त्यातल्या दहा पोरांनी जरी असल्या एखाद्या छोट्या लायब्ररीचं काम अंगावर घेतलं, चुका शोधल्या, माहितीपत्रक नीट केलं, आवृत्ती तपासली, तर कुठंतरी एकट्या बसलेल्या माणसाला हात लागेल. पण त्यात एक अट, जिगर कुमारसारखं नुसतं टोचायला जायचं नाही. आणि विद्यापीठानं त्याला मार्क द्यावेत, फुकट पोरं करणार नाहीत, मी पण नसतं केलं.

मी स्वतः काय फार शहाणा आहे असंही नाही. एकदा दुकानातल्या लिनक्स मशीनवर पॅमच्या फाईलीत हात घातला, पॅम म्हणजे लिनक्समध्ये पासवर्ड तपासायचं काम वाटून देणारी यंत्रणा, त्यात एका मॉड्यूलचं नाव लिहिताना एक अक्षर चुकलो आणि लॉगिनच होईना, रूटचा, म्हणजे मशीनच्या मुख्य मालकाचा, पासवर्ड बरोबर टाकला तरी बाहेर. स्वतःच्या दुकानाच्या दारात स्वतः उभा. पेनड्राईव्हवरून मशीन चालू करून रात्री बारा वाजता ते एक अक्षर दुरुस्त केलं, तोवर बायकोचे सहा मिसकॉल. तेव्हापासून असल्या फाईलीला हात लावायच्या आधी दुसऱ्या खिडकीत एक लॉगिन चालू ठेवतो आणि जुन्या फाईलची कॉपी काढतो.

बाकी तुमच्या त्या अर्ध्या पानावर चोराचं जे चित्र छापलं होतं, काळा मुखवटा आणि हुडी घातलेलं, ते दर वेळी तेच असतं, ते बदला. माझ्या अनुभवात चोर हिरव्या बटणासारखा दिसतो.

माझं नाव छापू नका, ते कंत्राटदार तुमचाच पेपर घेतात आणि बिल यायचंय हे वर सांगितलंच. पत्र मोठं झालंय, कात्री लावावी लागेल हे समजतं. टेंडरची गोष्ट कापा, चेअरमनची कापा, माझी पॅमची फजिती तर खुशाल कापा. फिनलंडच्या माणसाचा परिच्छेद तेवढा ठेवा.

आपला,
एक नेहमीचा वाचक, बार्शी